वरची रांग आधीची

एप्रिलची खरड छाटणी उरकली की सांगली-तासगावकडचे बागायतदार मे महिन्यात युरोपला निघतात. टूर मॅनेजर म्हणून असा ग्रुप वाट्याला आला की मी निर्धास्त असते. ही माणसं सकाळी सहाला अंघोळ करून लॉबीत बसलेली असतात, आणि बस पाच मिनिटं उशिरा आली तर ड्रायव्हरलाच समजावतात. रोमचं नेहमीचं सगळं झालं होतं: व्हॅटिकन, कोलोसियम, ट्रेवी कारंज्यात नाणं. शेवटच्या दिवशी कार्यक्रमपत्रिकेत नुसतं ‘शॉपिंग’ होतं.

या ग्रुपमध्ये वसईचं एक निवृत्त जोडपं होतं. कॅथलिक, घरात कादोडी बोलणारं. आदल्या रात्री जेवताना काकू म्हणाल्या, “एवढ्या लांब आलोय तर कॅटाकोम्ब बघायचेत. पहिल्या ख्रिस्ती लोकांच्या खुणा. आम्ही दोघं टॅक्सीनं जाऊन येतो.” शेजारच्या टेबलावरून प्रश्न आला, “ते काय असतं?” मी सांगितलं, जमिनीखालची दफनभूमी, मैलोन्‌मैल बोगदे, सोळा-अठराशे वर्षांपूर्वी हातानं खोदलेले. तेव्हा एक गृहस्थ पोळीचा घास हातात धरून म्हणाले, “हातानं? मग मीबी येतो.”

हे अण्णा. जतचे, सत्तरीकडे झुकलेले, जन्मभर विहिरी खोदण्याची कंत्राटं घेतलेले. मुलानं जबरदस्तीनं टूरला पाठवलं होतं. स्वित्झर्लंडचा बर्फ, पॅरिसचा टॉवर, कशानंच त्यांचा चेहरा हलला नव्हता. अण्णा येतात म्हटल्यावर त्यांच्या गावची चार घरं आली, मग आणखी कोणी, आणि सकाळी शॉपिंगला जायला कोणी उरलंच नाही. मी मिनीबस मागवली. वार नशिबानं बरा होता. आम्हाला बघायचा होता तो सॅन कॅलिस्टोचा कॅटाकोम्ब बुधवारी बंद असतो आणि पलीकडचा सॅन सेबास्तियानोचा रविवारी. नवख्या टूर मॅनेजरची पहिली फजिती याच दोन वारांवर होते.

सकाळी आधी सॅन क्लेमेंते. कोलोसियमपासून पाच-सात मिनिटांवर, बाहेरून अगदी साधं. वरचं चर्च बाराव्या शतकातलं. त्याच्या पोटात जिना उतरला की चौथ्या शतकातलं चर्च, आणि आणखी खाली पहिल्या शतकातल्या रोमन इमारती, त्यातच मिथ्र या देवाचं गुहेसारखं देऊळ. ११०० च्या सुमारास खालचं चर्च राडारोड्यानं भरून टाकलं आणि त्यावर नवं उभारलं. पुढे साडेसातशे वर्षं खाली काय आहे हे लोक विसरून गेले. १८५७ मध्ये तिथल्या आयरिश डॉमिनिकन फादर जोसेफ मुलूलींनी खणायला सुरुवात केली आणि एकेक मजला उघडा झाला.

सगळे भिंतीवरची चित्रं बघत होते. एका चित्रात सिसिनियस नावाचा सरदार नोकरांना संत क्लेमेंतला ओढून न्यायला सांगतोय; नोकर ओढताहेत एक दगडी खांब, त्यालाच संत समजून, आणि सरदाराच्या तोंडी चक्क शिवी लिहिलीय. चर्चच्या भिंतीवर, अकराव्या शतकाच्या अखेरीस. लॅटिनमधून इटालियन भाषा आकार घेत होती त्या काळातल्या फार जुन्या लेखी नमुन्यांत ही ओळ मोडते. आमच्या स्थानिक गाईडबाईंनी तिचा अर्थ ‘वाईट मुलांनो’ असा केला. मी मराठीत जरा मोकळेपणानं सांगितला. ग्रुपला रोम पहिल्यांदाच आपलं वाटलं.

अण्णांचं लक्ष चित्राकडे नव्हतं. ते कोपऱ्यात मान वाकडी करून उभे होते. “खाली पाणी वाहतंय,” म्हणाले. खरंच वाहत होतं, अजूनही वाहतं. या खालच्या मजल्यांत पाणी भरायचं म्हणून १९१२ ते १९१४ या काळात तिथून सुमारे सातशे मीटरचा बोगदा काढून ते प्राचीन रोमच्या मोठ्या गटाराला, क्लोआका मॅक्सिमाला, जोडून दिलं. अण्णांनी लगेच विचारलं, “उतार किती दिला?” गाईडबाईंनी खांदे उडवले. इतिहास शिकवणाऱ्यांना उताराचे प्रश्न कोणी विचारत नाही.

तिथून व्हिया आप्पियावर. हा रस्ता इसवी सनापूर्वी ३१२ मध्ये सुरू झाला. रोमन कायद्यानं शहराच्या आत दफन-दहनाला बंदी होती, त्यामुळे वेशीबाहेरच्या अशा रस्त्यांच्या कडेला थडगी, आणि त्यांच्याच मागे जमिनीखाली कॅटाकोम्ब. वाटेत ‘क्वो वादिस’ नावाचं छोटंसं चर्च लागतं. रोममधून पळून चाललेल्या पीटरला इथे येशू भेटला अशी आख्यायिका आहे. “प्रभू, कुठे निघालात?” “पुन्हा क्रुसावर चढायला.” पीटर मागे फिरला. चर्चमध्ये पावलांचे ठसे असलेला दगड आहे. ती प्रतिकृती, मूळ दगड सॅन सेबास्तियानोत आहे, आणि प्रवास सुखरूप झाल्याबद्दल कुणा रोमन माणसानं देवाला वाहिलेला तो दगड असावा असं अभ्यासक म्हणतात. मी हे सांगेपर्यंत आमच्या बायकांनी पादुकांवर डोकं टेकवूनही झालं होतं. वसईच्या काकू कौतुकानं बघत होत्या.

जेवण रस्त्याकडेच्या गवतावर: हॉटेलातून आणलेले ब्रेडरोल, शेंगदाण्याची चटणी, कुणाच्या तरी पिशवीतून निघालेल्या दशम्या. कॅलिस्टोची दुपारची सुट्टी संपायची होती, म्हणून मी थोडी गोष्ट सांगून घेतली. ज्याच्या नावानं ही दफनभूमी आहे तो कॅलिस्टस मूळचा गुलाम. मालकानं त्याला पैशांच्या ठेवींचा धंदा चालवायला दिला; विधवांनी आणि गोरगरिबांनी ठेवलेले पैसे बुडाले; तो पळाला, पकडला गेला, पुढे सार्डिनियाच्या खाणीत सक्तमजुरीवर गेला. हे सगळं त्याच्या कट्टर विरोधकानं लिहून ठेवलंय, म्हणजे मीठमसाला असणारच. सुटून आल्यावर पोप झेफिरिनसनं त्याला या दफनभूमीचा कारभार दिला, आणि २१७ मध्ये हाच कॅलिस्टस पोप झाला. “पतसंस्था बुडवून?” एकानं विचारलं. सांगली जिल्ह्यातल्या माणसाला ही गोष्ट फोडून सांगावी लागत नाही.

काकांनी मध्येच विचारलं, “त्या काळात आपल्याकडे कोणी होतं का?” त्याही आधीची, संत थॉमसाची केरळची परंपरा सगळ्यांना ठाऊक असते. मी कॉस्मसचं सांगितलं. सहाव्या शतकातला हा अलेक्झांड्रियाचा व्यापारी लिहितो की ‘कल्लियाना’ इथे पर्शियातून नेमलेला बिशप आहे. बरेच अभ्यासक ही जागा म्हणजे आपलं कल्याण मानतात. “म्हणजे वसईपासून हाकेवर,” काकू म्हणाल्या आणि दशमीचा दुसरा अर्धा घेतला.

कॅलिस्टोत बाहेरच्या गाईडला बोलू देत नाहीत. त्यांचाच माणूस खाली नेतो. आम्हाला सॅलेशियन संघाचे एक वयस्क फादर मिळाले. ते इंग्रजीत सांगणार, मी मराठीत. वेळ साधारण चाळीस मिनिटं, फोटो बंद, मागे पुढचा ग्रुप तयार. खाली पोचताच अंगावर गारवा येतो. मेमध्येसुद्धा बायकांनी पदर लपेटून घेतले.

फादरांनी सुरुवातीलाच चित्रपटांनी करून दिलेला समज खोडून काढला. इथे कोणी लपून राहत नसे. ही जागा सरकारलाही माहीत होती. २५७ मध्ये सम्राट व्हॅलेरियननं ख्रिस्ती लोकांना दफनभूमीत जमायला मनाई केली, पुढच्या वर्षी पोप सिक्स्टस दुसरे इथेच पकडले जाऊन मारले गेले, आणि २६० मध्ये सम्राट गॅलिएनसनं जागा परत दिल्या. एरवी इथे लोक यायचे ते मेलेल्यांच्या आठवणीसाठी आणि वर्षश्राद्धासारख्या जेवणासाठी. मग पोपांच्या दफनाची खोली. तिसऱ्या शतकातल्या नऊ पोपांचं दफन इथे झालं. कॅलिस्टस मात्र इथे नाही, त्याचं दफन दुसरीकडे. चौथ्या शतकातल्या पोप दमाससनं इथे कविता कोरून घेतलीय: मलाही इथे पुरावं असं वाटत होतं, पण पुण्यवंतांच्या अस्थींना त्रास द्यायची भीती वाटली. काकूंनी ते दोनदा ऐकून घेतलं. पुढे संत सिसिलियाची जागा. पांढरी मूर्ती, मान वळवून निजलेली. शिल्पकार मादेर्नोनं १६०० मध्ये घडवलेल्या मूळ मूर्तीची नक्कल. काकू गुडघ्यावर बसल्या. बाकीच्यांनी न सांगता आवाज बंद केले.

मग गल्ल्या. माणूसभर रुंद, दोन्ही बाजूंना भिंतीत एकावर एक खणलेले लांबट कप्पे, पाच-सहा थर. बहुतेक रिकामे. काही फारच लहान. एका मावशींनी विचारलं, “हे एवढेसे?” फादर म्हणाले, “मुलांचे. इथे मुलांचे खूप आहेत.” मी तेवढंच मराठीत सांगितलं.

अण्णा मागे राहिले होते. भिंतीला हात लावायचा नाही म्हणून तळवा दोन बोटं दूर धरून ते टिकावाचे घाव वरून खाली वाचत होते. मला हाक मारली. “मॅडम, त्यांना विचारा, ही वरची रांग आधीची ना?”

मी विचारलं. फादर थांबले. “त्यांना असं का वाटतं?”

अण्णांनी उभं राहून दाखवलं. माणूस टिकाव मारतो तो कमरेपासून खांद्यापर्यंतच्या उंचीत. वरची रांग आहे दोन पुरुष उंचीवर. शिडीवर उभं राहून एवढा सरळ घाव बसत नाही. म्हणजे ती कोरली तेव्हा तळ तिथं होता, आणि त्यांनी हात डोक्याच्याही वर नेला. जागा संपली तसा तळ उतरवला, मग दुसरी रांग, पुन्हा तळ उतरवला. “विहीर अशीच खाली जाते. आणि हे बघा, घावाची तिरीप बदलली इथं. माणूस बदलला.”

मी इंग्रजीत सांगत गेले आणि फादरांचा चेहरा खुलत गेला. बरोबर आहे, म्हणाले, वरचे कप्पे जुने आणि खालचे नवे. हे बहुतेकांना सांगावं लागतं. त्यानंतर त्यांनी पाठ असलेलं सगळं बाजूला ठेवलं आणि खोदणाऱ्यांबद्दल बोलायला लागले. त्यांना लॅटिनमध्ये फोसोर म्हणत. दिव्याच्या उजेडात टिकावानं हा तुफा दगड कापायचा. हा ज्वालामुखीचा दगड खणताना मऊ असतो आणि हवा लागली की टणक होतो. (“आपला मुरूम उलटा, हवेनं सुटतो,” अण्णा.) माती टोपलीनं उजेडाच्या झरोक्यांतून वर. प्रेत ठेवून कप्पा विटांनी किंवा संगमरवरानं बंद करायचा. संगमरवर परवडत नसेल तर ओल्या चुन्यात नाणं, काचेचा तुकडा, असं काहीतरी खुपसून ठेवायचं, म्हणजे आपलं माणूस कुठलं ते ओळखता येतं. ३०३ च्या छळात आफ्रिकेतल्या सिर्ता गावच्या चर्चची जप्ती झाली, त्या कागदात बिशप आणि बाकीच्यांबरोबर फोसोरही मोजलेत. चौथ्या शतकात तर थडग्याची जागा फोसोरकडूनच विकत घेतल्याचे लेख सापडतात. “म्हणजे शेवटी कंत्राटदारच,” अण्णा समाधानानं म्हणाले.

“पण खाली-खाली का गेले? आडवं का नाही सरकले?” हा प्रश्न त्यांच्या पुतण्याचा.

फादर म्हणाले, वर ज्याची जेवढी जमीन, खाली तेवढंच खणायचं. शेजाऱ्याच्या हद्दीत घुसता येत नसे.

मी म्हटलं, “बांध.”

सगळी गल्ली हसली. माणूसभर रुंदीच्या त्या बोगद्यात तासगाव तालुक्यातले बागायतदार आपापले बांधाचे खटले एकमेकांना सांगायला लागले, आणि मागच्या ग्रुपची गाईड घड्याळ दाखवायला लागली. फादरांनी तिला हातानंच थांबवलं. त्यांना अण्णांकडून जाणून घ्यायचं होतं: असल्या दगडात दोन माणसं दिवसाला किती जातील? अण्णांनी डोळे मिटून हिशेब केला, आधी माती वर न्यायला कितीजण आहेत ते विचारलं, आणि मग सांगितलं की खोदणारा कधी थांबत नाही, थांबतो तो माती उचलणाऱ्यासाठी. आकडा द्यायला नकार दिला. दगड हातात न घेता दर सांगायचा नाही, हा त्यांचा नियम.

वर आल्यावर फादरांनी पुरातत्त्वज्ञ जोव्हान्नी बात्तिस्ता दे रोस्सीची गोष्ट सांगितली. १८४९ मध्ये याच परिसरातल्या द्राक्षमळ्यात त्याला संगमरवराचा तुकडा मिळाला, त्यावर ‘नेलियुस मार्तिर’ एवढीच अक्षरं. मार्तिर म्हणजे हुतात्मा; तिसऱ्या शतकातल्या पोप कॉर्नेलियसच्या नावाचं शेपूट ते, हे त्यानं ओळखलं, पोपना मळा विकत घ्यायला लावला आणि १८५४ मध्ये पोपांची खोली शोधून काढली. मळा द्राक्षाचा होता म्हटल्यावर पुढचे प्रश्न मी सांगायला नकोत.

दिवस उरला होता म्हणून गाडी सांता कोस्तान्झाला नेली, सम्राट कॉन्स्टंटाइनच्या मुलीच्या समाधीला. चौथ्या शतकाच्या मध्यावरची गोल इमारत, छताला मोझेइक. त्यात द्राक्षवेली, तोडणी, बैलगाडीतून वाहतूक, पायांनी रस काढणं. येशूची गोष्ट त्या वेलींत कुठेच दिसत नाही. आमची मंडळी माना वर करून बैलांच्या जोडीवर चर्चा करत राहिली. काका-काकू कडेच्या बाकावर बसले, पाय दुखत होते दोघांचेही.

तेव्हापासून कॅलिस्टोला ग्रुप नेला की खाली उतरण्याआधी मी एकच प्रश्न विचारते: वरची रांग आधीची की खालची? इंजिनिअर लोक ठामपणे खालची सांगतात. मजले खालून वर बांधतात ना!