पन्नास टक्के सूट

"पन्नास टक्के चुकलं तरी चालतं? आमच्या मॅडमना सांग ना!"

लेक माझ्या खांद्यावरून लॅपटॉपमध्ये डोकावत होती. मोर्स कोड म्हणजे डॉट (छोटा ठोका) आणि डॅश (लांब ठोका) यांनी अक्षरं पाठवायची पद्धत. त्यासाठीच्या लिनक्सवरच्या 'लिबसीडब्ल्यू' या लायब्ररीची, म्हणजे तयार कोडच्या संचाची, हेडर फाईल उघडी होती. नुसते आकडे. सुरुवातीचा वेग मिनिटाला १२ शब्द, स्वर ८०० हर्ट्झ, टॉलरन्स, म्हणजे चालवून घ्यायची चूक, ५० टक्के.

मोर्सचा नियम कडक आहे. डॅश डॉटच्या तिप्पट, दोन अक्षरांमध्ये ३ डॉटांएवढी शांतता, शब्दांमध्ये ७. पाठवताना संगणक हे काटेकोर पाळतो. १२ च्या वेगाला डॉट बरोबर १०० मिलिसेकंदांचा.

ऐकताना मात्र समोर माणसाचा हात आहे, हे संगणकाने धरलेलंच असतं. डॉट ५० भरो की १५०, तो डॉटच. शिवाय अ‍ॅडॅप्टिव्ह मोड लावला, तर पाठवणाऱ्याच्या वेगाशी तो स्वतःच जुळवून घेतो.

जुने तारबाबू म्हणे ठोक्यांवरूनच पलीकडे कोण बसलंय ते ओळखायचे. ओळख पटायची ती या वाकडेपणामुळेच ना! (मला तर काटेकोर मारलेला मोर्स कंटाळवाणाच वाटतो.)

परवा सही जुळत नाही म्हणून बँकेने माझा चेक परत केला. त्यांचा टॉलरन्स किती ठेवलाय, कुणाला माहीत आहे का?