निलंबन आदेशाला आव्हान देताना : माझा अनुभव

निलंबनाचा आदेश हातात पडला की माणूस आधी आपण कसे निर्दोष आहोत ते लिहायला बसतो. माझाही पहिला मसुदा तसाच होता, पाच पानी. तो दिला नाही हे बरं झालं. निलंबन ही शिक्षा नाही, अशी न्यायालयांची भूमिका आहे. त्यामुळे या टप्प्यावर आरोप खरे की खोटे यात कुणी शिरत नाही. आदेश काढणारा अधिकारी सक्षम होता का आणि निलंबन इतके दिवस चालू ठेवायला कारण काय, यावरच बोलणं होतं.

राज्य शासकीय कर्मचाऱ्याला १९७९ चे शिस्त व अपील नियम लागू होतात. नियम ४ खाली निलंबन होतं, आणि त्याच नियमांनुसार ४५ दिवसांत अपील करता येतं. मी अपील आवक शाखेत दिलं आणि माझ्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक क्रमांक घेतला. ही पोच नसेल तर पुढे मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) पहिला आक्षेप तोच येतो, कारण उपलब्ध उपाय वापरल्याशिवाय न्यायाधिकरण सहसा अर्ज दाखल करून घेत नाही. अपिलावर ६ महिने निर्णयच झाला नाही, तर पुढच्या एका वर्षात मॅटमध्ये मूळ अर्ज करता येतो. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांचा मार्ग वेगळा आहे : त्यांना १९६४ चे नियम लागू होतात आणि मॅट नव्हे, उच्च न्यायालय.

खरा जोर दिवसांच्या मोजणीवर. अजयकुमार चौधरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १६ फेब्रुवारी २०१५ रोजी सांगितलं, की ३ महिन्यांत दोषारोपपत्र बजावलं नाही तर निलंबन पुढे चालवू नये. बजावलं असेल तर मुदतवाढीचा सकारण आदेश हवा. (खुद्द चौधरींना तोवर दोषारोपपत्र मिळालेलं असल्यामुळे त्या निर्देशांचा थेट फायदा झाला नाही.) सामान्य प्रशासन विभागाच्या ९ जुलै २०१९ च्या शासन निर्णयात हेच आलं आहे. अर्जाला हे दोन्ही जोडावेत.

इथे शब्द आहे ‘बजावलं’. माझ्या दोषारोपपत्रावर सही ८६ व्या दिवसाची होती, रजिस्टर पाकिटावरचा टपाल शिक्का ९७ व्या दिवसाचा. कार्यालय सहीची तारीख दाखवत होतं. पाकीट फेकलं असतं तर मुद्दा गेला असता. मी ते उघडलं कडेने, शिक्का शाबूत ठेवून, आणि त्याची छायाप्रत अर्जाला लावली.

मागणीत फक्त ‘आदेश रद्द करा’ एवढंच लिहून थांबू नये. पर्यायी मागणी हवीच : निलंबनाचा फेरविचार करणाऱ्या आढावा समितीपुढे प्रकरण ठेवून ठरावीक आठवड्यांत निर्णय घ्यावा. बऱ्याचदा पदरात पडतं ते हेच. मॅटमध्ये शासनाची बाजू मांडणाऱ्या सादरकर्त्या अधिकाऱ्याला प्रत आधी दिली नाही, तर अंतरिम आदेशाची मागणी त्या दिवशी पुढे सरकत नाही.

दरम्यान निलंबन काळात पगाराऐवजी मिळणाऱ्या निर्वाह भत्त्याकडे दुर्लक्ष नको. निलंबन काळातल्या प्रदानांबाबतच्या १९८१ च्या नियमांतल्या नियम ६८ नुसार तो अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतका असतो, त्यावर महागाई भत्ता. मूळ वेतन ५०,००० असेल तर २५,०००. तीन महिन्यांनंतर या २५,००० च्या निम्म्यापर्यंत वाढ मिळू शकते, म्हणजे ३७,५०० पर्यंत. पण विलंब आपल्यामुळे झाल्याचं ठरलं तर तेवढीच कपातही होते. म्हणून चौकशीत तारखा मागताना जपून. वाढ आपोआप लागत नाही, मागावी लागते. आणि दुसरीकडे नोकरी-धंदा करत नसल्याचं प्रमाणपत्र दिल्याखेरीज भत्ता निघत नाही. मुख्यालय सोडायचं तर परवानगी लेखी घ्या.

निलंबन उठलं तरी चौकशी चालूच राहते आणि पदस्थापना बहुधा अकार्यकारी पदावर होते. निलंबन कालावधी कसा धरायचा, याचा त्याच १९८१ च्या नियमांतल्या नियम ७२ खालचा अंतिम आदेश चौकशी संपल्यावर निघतो. त्यासाठी वेगळा अर्ज आत्ताच तयार करून ठेवला आहे, त्याच पाकिटाच्या छायाप्रतीसह.