कुऱ्हाडीने केलेलं एडिटिंग

आज ठाण्यात नौपाड्याला मित्राकडे प्रायोगिक सिनेमे बघितले. डोक्यात अजून अमेरिकी कलाकार राफाएल मोंतानेझ ऑर्टिझच घोळतोय. 'विंचेस्टर '७३' हा १९५० चा वेस्टर्न, म्हणजे काउबॉयपट. गोरे शूर, आणि रेड इंडियन, म्हणजे अमेरिकेतले आदिवासी, हल्ला करून मरण्यापुरते. १९५७-५८ च्या सुमारास या पठ्ठ्याने त्याची प्रिंट घेतली, टोमाहॉकने, म्हणजे त्या आदिवासींच्याच कुऱ्हाडीने, तिचे तुकडे केले, पिशवीत भरले, मंत्र म्हणत पिशवी हलवली आणि हाताला येतील तसे जोडले. काही उलटे, काही मागून पुढे. इवलीशी फिल्म आहे, पण गोळी कोण झाडतंय आणि पडतंय कोण, काही म्हणता काही कळत नाही. नायकाचा सगळा रुबाबच जातो!

मग डीजे स्पूकी, हा अमेरिकी संगीतकार. 'द बर्थ ऑफ अ नेशन' (१९१५) मध्ये काळा रंग फासून काळ्यांच्या भूमिका करणारे गोरे नट आणि हिरो कोण, तर कू क्लक्स क्लान ही गोऱ्यांची वर्णद्वेषी संघटना. २००४ मध्ये स्पूकीने या सिनेमाचा रीमिक्स केला. हुशार काम, पण मला लांबलेलं वाटलं.

येऊरच्या पाड्यावरचा एक आदिवासी दोस्तही होता. म्हणाला, "आपल्या पिक्चरमधली ती आदिवासींची झिंगालाला गाणी कोण कापणार? आमच्याकडे तारपा वाजतो रे. माणसं शिजवायचा हंडा मी अजून बघितला नाही."

यावर काय बोलणार? ती गाणी आपण गॅदरिंगला नाचलोय, अंगाला काजळ फासून, आणि पालकांनी टाळ्या वाजवल्यात.

तर आता क्लिपा गोळा करतोय. एडिटिंग तो येऊरचा दोस्तच करणार म्हणतोय. आठवतील ती गाणी कमेंटमध्ये टाका, मराठीसुद्धा.