तुम्ही विचारलंत म्हणून : तुमचं गाव नक्की कुठल्या राज्यात?

गाव दुधनीजवळ, असं सांगितलं की हा प्रश्न येतोच. घरात कन्नड बोलतो हे कळलं की पुढचाही येतो: मग तुम्ही महाराष्ट्रात कसे?

गाव अक्कलकोट तालुक्यात आहे, जिल्हा सोलापूर. आमच्या शेवटच्या बांधापलीकडे कर्नाटकातला कलबुर्गी, म्हणजे जुना गुलबर्गा जिल्हा लागतो. पण ही हद्द १९५६ ला राज्यांची भाषेनुसार पुनर्रचना झाली तेव्हा नव्यानं आखली, असा बऱ्याच जणांचा समज असतो. तसं नाही. अलीकडे अक्कलकोटच्या भोसल्यांचं संस्थान आणि पलीकडे आळंद, अफझलपूरकडे निजामाचा मुलूख, अशी ती आधीपासूनच होती. संस्थान १९४८ साली मुंबई राज्यात आलं. त्याच वर्षी सप्टेंबरात हैदराबाद भारतात आलं आणि १ नोव्हेंबर १९५६ ला गुलबर्गा म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला. सरकारं बदलत गेली, आमचा बांध होता तिथंच राहिला.

अज्जा, म्हणजे आजोबा, सांगायचे, पलीकडच्या बाजाराला जायचं तर कनवटीला दोन जातींचे पैसे लागत. इकडं इंग्रजांचा कलदार रुपया, तिकडं निजामाचा हाली. सहा कलदारला सात हाली. गाडीत माल असला की निजामाच्या नाक्यावर करोडगिरी, म्हणजे जकात, भरायची, मग पुढं. निजामाच्या बाजूच्या रझाकारांच्या दिवसांत मात्र माणसं उलट्या दिशेनं आली. पलीकडचे सोयरे रात्रीतून बायकापोरांसकट आमच्या वाड्यात उतरले. ओसरी भरली, गोठा भरला. अव्वानं ज्वारीचं पेव उघडलं आणि सुनांना पहाटेपासून भाकरीला बसवलं. कोण कुठल्या राज्याचं, हे तेव्हा कुणी विचारलं नाही, याचा मला फार अभिमान आहे.

भाषेचं म्हणाल, तर सोलापूरचे ग्रामदैवत सिद्धरामेश्वर. बाराव्या शतकातल्या या सत्पुरुषाची वचनं कन्नडमध्ये आहेत. आणि त्याच जिल्ह्यात भीमा-सीना संगमावर, हत्तरसंग कुडलच्या देवळात, शके ९४० चा म्हणजे १०१८ चा मराठी शिलालेख आहे. संशोधक आनंद कुंभारांनी तो उजेडात आणला. दोन्ही भाषा इथल्याच आहेत. आम्ही त्या दोन्ही बोलतो.

२०२२ च्या अखेरीस तालुक्यातल्या काही गावांनी कर्नाटकात जायची भाषा केली, तेव्हा बाहेरच्यांना वाटलं कानडीचं प्रेम उफाळलं. माझं मत वेगळं आहे. रस्ता नाही, पाणी नाही, आणि बांधापलीकडचा रस्ता रोज डोळ्यांसमोर दिसतो, माणूस बोलणारच. ज्याची जमीन दोन्हीकडे आहे, त्याला अलीकडे सातबारा आणि पलीकडे पहाणी, म्हणजे तिकडचा सातबारा, काढायला दोन तालुक्यांचे हेलपाटे. मुलं जिल्हा परिषदेच्या कन्नड शाळेत शिकतात, दहावीची परीक्षाही महाराष्ट्र बोर्डाची कन्नडमधून देतात, पण पुढं कॉलेजात सगळं एकदम मराठी-इंग्रजीत येतं. हुशार पोरं तिथं बुजतात. मला सर्वांत जास्त तळमळ याची आहे. पाचवीपासूनच मराठी नीट शिकवणारा, कन्नडही जाणणारा शिक्षक प्रत्येक शाळेला मिळाला पाहिजे.

एरवी आमचं बरं चाललंय. वेळ अमावस्येला शेतात कडब्याची कोप उभी राहते, आत चुना लावलेले पाच दगड पांडव म्हणून मांडतात. भज्जी, उंडे, अंबील. पलीकडचे मामा, मावश्या बांध ओलांडून जेवायला येतात. तुम्हीही या, गाडीनं दुधनीला उतरा, न्यायला मी येतो.