दोन आपटे आणि बरेच जोशी

मागच्या महिन्यातली गोष्ट. रविवारी सकाळी बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या वाचनालयात मी कॉम्प्युटरवर बसले होते, तर एक आजोबा आले, ऐंशीच्या पुढचे असतील, हातात कापडी पिशवी. म्हणाले, "बाळ, ना. ह. आपट्यांची 'न पटणारी गोष्ट' काढून देतेस का?" मी टाइप केलं. ना. ह. आपटे या नावावर एकही पुस्तक नाही. आजोबांना म्हटलं, आपल्याकडे नाहीये हो. तर ते अगदी शांतपणे म्हणाले, "नाही कशी असेल, मी इथूनच नेली होती, लग्नाच्या आधी."

आमचे ग्रंथपाल, ज्यांना सगळे काकाच म्हणतात, ते उठले, आतल्या खोलीतून जुनं दाखल रजिस्टर घेऊन आले आणि बोट फिरवत फिरवत पाचेक मिनिटांत त्यांनी दाखल नंबर काढला. पुस्तक कपाटात होतं, वर्षानुवर्षं जिथे होतं तिथेच. कॉम्प्युटरमध्येही होतं, पण हरी नारायण आपट्यांच्या नावावर.

आजोबा पुस्तक घेऊन गेले पण मला दिवसभर चैन पडेना. म्हणजे जो माणूस काकांची वाट न बघता निघून गेला असता त्याच्यासाठी ना. ह. आपटे नावाचा लेखक आमच्या वाचनालयात उरलाच नव्हता ना.

आता हे दोघे कोण ते सांगते, कारण माझ्या वयाच्या बऱ्याच जणांना ते एकच वाटतात. हरी नारायण आपटे म्हणजे हरिभाऊ, 1864 ते 1919, 'पण लक्षात कोण घेतो' वाले, 'करमणूक' साप्ताहिक काढणारे. नारायण हरी आपटे म्हणजे साताऱ्याकडच्या कोरेगावचे ना. ह., 1889 ते 1971. त्यांच्या 'न पटणारी गोष्ट' वरून 1937 साली शांतारामबापूंनी (व्ही. शांताराम) 'कुंकू' हा सिनेमा काढला. दोघंही कादंबरीकार, आणि नावं अशी की एकाचं उलटं केलं की दुसऱ्याचं होतं. नावं बघून बापलेक वाटतील, पण तसं नाहीये.

मग हे झालं कसं? काही वर्षांपूर्वी वाचनालयाने जुनी कार्डं कॉम्प्युटरवर चढवायचं काम एका बाहेरच्या एजन्सीला दिलं होतं. त्यांनी एक्सेल शीट बनवली आणि मग 'डुप्लिकेट' नावं काढायला सफाईचं टूल चालवलं. अशा टूलमध्ये फिंगरप्रिंट म्हणून एक पद्धत असते, ती नावातले शब्द सुटे करते, अक्षरानुक्रमे लावते आणि मग तुलना करते. इंग्रजी नावांना ती बरी पडते, आडनाव आधी लिहा नाहीतर नंतर, माणूस सापडतो. पण 'आपटे हरी नारायण' आणि 'आपटे नारायण हरी' यातले शब्द सुटे करून क्रमाने लावा बरं. दोन्हीकडे तेच तीन शब्द! मशीनने दोघांना एक ठरवलं, ज्याची पुस्तकं जास्त त्याचं नाव ठेवलं आणि दुसऱ्याचं पुसलं. आणि शीट कोणी मराठी वाचणाऱ्याने डोळ्याखालून घातली नाही, याचा मला खरंच राग आहे. पैसे घेतले होते त्यांनी.

आपल्या नावात वडिलांचं नाव मधे असतं ते काही शोभेला नसतं. एका आडनावाची शंभर माणसं एका गावात असतात, त्यात आजोबांचं नाव नातवाला ठेवायची रीत, तेव्हा कोणाचा कोण हे त्या मधल्या नावावरूनच कळतं. पुस्तकावर मात्र आपण आद्याक्षरं छापतो आणि तीच ओळख धूसर करून टाकतो, आणि त्यावर या वेबसाइटी 'फर्स्ट नेम' 'लास्ट नेम' असे दोनच चौकोन देतात, मग मधलं नाव जाणार कुठे? एका मोठ्या पुस्तकांच्या साइटवर तर सारख्या नावाच्या दोन लेखकांना वेगळं ठेवायला नावाच्या मधे एक जादा स्पेस टाकतात. डोळ्याला दिसत नाही, वाचकाला कळत नाही, तरी तो स्पेस म्हणजे तिथला दुसरा माणूस.

आपट्यांनंतर मी जोशींचा खण उघडला. आमच्याकडे कार्डांचे लाकडी खण अजून आहेत, पितळी मुठीचे, काकांनी कोणाला टाकू दिले नाहीत आणि त्याबद्दल त्यांचे पाय धरावेसे वाटतात. खणात 'जोशी, वामन मल्हार' आणि 'जोशी, वामन गोपाळ' अशी दोन वेगळी कार्डं नीट लावलेली. कॉम्प्युटरमध्ये सगळे 'वामन जोशी'. वामन मल्हार 'रागिणी' चे कादंबरीकार, 1882 ते 1943. वामन गोपाळ म्हणजे अमरावतीचे वीर वामनराव, 1881 ते 1956, 'रणदुंदुभि' चे नाटककार. जन्मात एका वर्षाचं अंतर, म्हणजे सालावरूनही पटकन ओळखू येणार नाहीत. नाटक आहे की कादंबरी तेवढं बघितलं असतं तरी कळलं असतं. त्यात इंग्रजी कॅटलॉगमध्ये कोणी वामन डब्ल्यूने लिहितो, कोणी व्हीने, आणि अमेरिकेतल्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या पद्धतीत प्रत्येक व्यंजनामागचा अ लिहितात, मग वाचताना 'वामना मल्हारा' होतं. एकाच माणसाची अशी तीन-चार रूपं.

आणि याची उलटी बाजूही आहे, एकाच माणसाचे दोन होणं. याचं उदाहरण तर आमच्या बडोद्याचंच. चिं. वि. जोशी म्हटलं की चिमणराव आणि गुंड्याभाऊ, बरोबर? पण हेच चिं. वि. (1892 ते 1963) बडोदा कॉलेजात पाली शिकवायचे, राजदप्तराचं कामही त्यांनी बघितलं, आणि इंग्रजीत पालीचं एक व्याकरण-पुस्तक लिहिलं, त्यावर नाव 'सी. व्ही. जोशी'. आमच्या यादीत 'सी. व्ही. जोशी' भाषा विभागात एकटे पडलेले, चिमणरावांचे जोशी विनोदी विभागात. पालीचा विद्यार्थी येऊन ते पुस्तक घेऊन जाईल आणि त्याला कळणारही नाही की हा माणूस कोण होता. मला स्वतःला ते दोन वर्षांपूर्वी कळलं, आणि इथेच जन्म गेला माझा!

टोपणनावांचं म्हणाल तर ते त्यामानाने सोपं, कारण ते सगळ्यांना माहीत असतं. कविता गोविंदाग्रज, विनोद बाळकराम, नाटकं राम गणेश गडकरी, तिन्ही एकच, कार्डावर 'पाहा' म्हणून खूण केली की झालं. बायकांचं अवघड. लग्नाआधीचं नाव, नंतरचं नाव आणि त्यात टोपणनाव. बाळूताई खरे, मालती बेडेकर आणि विभावरी शिरूरकर या तिघी एकच, हे 'कळ्यांचे निःश्वास' मुळे आपल्याला माहीत आहे, पण जिने एकच पुस्तक लिहिलं तिचं कोण लक्षात ठेवणार? दत्तकाचंही तसंच. वि. स. खांडेकर जन्माने गणेश आत्माराम, दत्तक गेल्यावर विष्णू सखाराम. वर मी मधल्या नावावर एवढा भरवसा टाकला, तर इथे मधलंही बदललं आणि पहिलंही. बडोद्यात हे वेगळं सांगायला नको, आमचे सयाजीराव महाराजच मुळात कवळाण्याचे गोपाळराव, 1875 ला दत्तक आले आणि सयाजीराव झाले.

महाराजांचं नाव निघालंच आहे तर, ज्या गावात त्यांनी 1910 मध्ये बोर्डन नावाचा अमेरिकन ग्रंथपाल मुद्दाम बोलावून गावोगाव वाचनालयं उभी करायला घेतली, मांडवीची सेंट्रल लायब्ररी ज्या गावात आहे, तिथे लेखकच हरवावेत हे मला सहन होत नाही. बरं, यावर उपाय आहे आणि तोही जुना. आपल्याकडच्या ग्रंथालयशास्त्राचे जनक रंगनाथन, त्यांच्या 1934 साली पहिल्यांदा निघालेल्या कॅटलॉग कोडमध्ये, म्हणजे पुस्तकांच्या नोंदी कशा करायच्या त्याच्या नियमावलीत, लेखकाच्या नावापुढे कंसात जन्मसाल घालायची पद्धत आहे. म्हणजे जोशी (वामन मल्हार) (1882). संपलं. आता वाचनालयं कॉम्प्युटरवर नोंदी ठेवायला वापरतात त्या मार्क फॉरमॅटमध्ये 100 नंबरच्या फील्डमध्ये लेखकाचं नाव असतं आणि त्याच फील्डमध्ये जन्म-मृत्यूच्या सालांना वेगळी जागा आहे, आमच्या सॉफ्टवेअरमध्येही आहे, रिकामी! शिवाय आयएसएनआय म्हणून 16 आकडी नंबर असतो, आधार नंबरसारखा, एका लेखकाला एक. देशोदेशीच्या राष्ट्रीय ग्रंथालयांच्या नोंदी जोडणारी व्हायाफ नावाची साइट आहे, मोठ्या लेखकांसाठी मी आधी तिथे बघते. पण तिथेही मशीनने जुळवलेलं असतं, चुका असतात, म्हणून शेवटी पुस्तक हातात घ्यावंच लागतं.

तर आता आम्ही काय करतो, मी आणि काका, दर रविवारी साडेनऊ ते बारा. एक नाव घ्यायचं, त्या नावावरची सगळी पुस्तकं टेबलावर काढायची. मुखपृष्ठावर विश्वास नाही ठेवायचा. आतलं शीर्षकपान, त्याच्या मागचं पान, पहिल्या आवृत्तीचं साल, प्रस्तावनेखालची सही आणि गाव, 'लेखकाची इतर पुस्तकं' असेल तर ती यादी. हरिभाऊंच्या नावावर 31 पुस्तकं होती, त्यातली 12 ना. ह. यांची निघाली. साल पाहिलं की काही तर लगेच कळतात, कारण हरिभाऊ 1919 ला गेले, 1930 नंतर पहिली आवृत्ती निघालेली नवीकोरी सामाजिक कादंबरी त्यांची कशी असेल? आणि शंका राहिली तर जोडायचं नाही, वेगळंच ठेवायचं हे आम्ही ठरवलंय. वेगळी राहिलेली दोन नावं नंतर जोडायला एक मिनिट लागतं. जोडलेली सोडवायला आमचे सहा रविवार गेले.

गेल्या रविवारी चिं. वि. जोशींच्या गठ्ठ्यात एक बारीकशी पुस्तिका निघाली, चाळीसेक पानांची, पिन गंजलेली, ओव्या आणि मंगळागौरीची गाणी गोळा केलेली. वर फक्त 'वि. जोशी, बडोदे'. कॉम्प्युटरने चिं. वि. धरलं होतं. मी शीर्षकपान उलटलं, तिथे शाईने लिहिलेलं, 'वाचनालयास सप्रेम भेट', खाली सही. काकांनी चष्मा कपाळावर सरकवला, पुस्तिका डोळ्यांजवळ नेली आणि बराच वेळ काहीच बोलले नाहीत. मग म्हणाले, "अगं, या तर आम्हाला चौथीला शिकवायच्या." बाईंचं नाव इथे देत नाही, घरच्यांना अजून विचारलेलं नाही. काकांनी तिथूनच त्यांच्या मुलीला फोन लावला, जन्मसाल विचारलं, पलीकडून बहुतेक 'कशाला' असं विचारलं असणार कारण काका म्हणाले, "तुझ्या आईचं पुस्तक आहे आमच्याकडे, तिच्या नावावर लावायचंय."

मी नोंद नवीन केली. पूर्ण नाव, मधे नवऱ्याचं, माहेरचं नाव 'पाहा' मध्ये, पुढे साल. आता त्या नावाने शोधलं की स्क्रीनवर एकच पुस्तक दिसतं.