पंचनाम्यापासून सुरू होणारा सिनेमा

इटालियन दिग्दर्शक फ्रान्चेस्को रोझीच्या (१९२२–२०१५) चित्रपटांत बहुधा प्रेत आधी येतं आणि गोष्ट नंतर. 'साल्व्हातोरे जुलियानो' (१९६२) उघडतो तोच एका अंगणात: सिसिलीचा दरोडेखोर जुलियानो पालथा पडलाय आणि सरकारी माणसं पंचनामा लिहून घेतायत. पोलिसांच्या म्हणण्यानुसार तो चकमकीत मेला. ते म्हणणं उसवत जाणं, एवढंच या चित्रपटाचं कथानक.

पहिल्यांदा पाहताना हमखास गाडी अडते, कारण काळ मागेपुढे उडतो. तीन खुणा धरून ठेवा: १ मे १९४७ला पोर्तेल्ला देल्ला जिनेस्त्रा इथे मे दिनाच्या मेळाव्यावर झालेला गोळीबार (११ ठार), ५ जुलै १९५०चा जुलियानोचा मृत्यू, आणि त्या गोळीबारासाठी त्याच्या टोळीवर व्हितेर्बोत चाललेला खटला. दुसरी अडचण म्हणजे नायकाचा चेहराच धड दिसत नाही. लांबून पांढरा कोट दिसतो, बस्स. चेहरा दिला असता तर प्रेक्षक त्याच्या बाजूने झाला असता, आणि त्याला वापरणारे सुटले असते.

हा कडकपणा रोझी दिग्दर्शक लुकिनो व्हिस्कोन्तीकडे शिकला. 'ला तेर्रा त्रेमा' (१९४८) या आची त्रेत्साच्या कोळ्यांनाच घेऊन केलेल्या चित्रपटाचा तो सहायक होता. 'साल्व्हातोरे जुलियानो'चं चित्रीकरण रोझीनेही मोंतेलेप्रे या जुलियानोच्याच गावात, तिथल्याच लोकांना उभं करून केलं.

पुढच्याच वर्षी (१९६३) 'ले मानी सुल्ला चित्ता'. नेपल्समध्ये बांधकामाच्या धक्क्याने शेजारची जुनी इमारत कोसळते, आणि बिल्डर हाच नगरसेवक. बिल्डर झालाय रॉड स्टायगर. त्याच्यावर तुटून पडणारा विरोधक मात्र कार्लो फेर्मारिएल्लो, प्रत्यक्षातला कामगार नेता आणि नगरसेवक. म्हणूनच सभागृहातली भांडणं पाठ केलेली वाटत नाहीत. 'आमचे हात स्वच्छ आहेत' म्हणत सत्ताधारी हात वर करतात, तो प्रसंग चुकवू नका. या चित्रपटाला व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. १९८४चा 'कार्मेन' देखणा खरा, पण मला विचाराल तर त्यात हा रोझी सापडत नाही.

'इल कासो मात्तेई' (१९७२) पुन्हा मृत्यूपासूनच सुरू होतो. तेल कंपनीचा प्रमुख एन्रिको मात्तेई २७ ऑक्टोबर १९६२ला विमान कोसळून गेला. त्याच्या सिसिलीतल्या शेवटच्या दिवसांची माहिती काढायचं काम रोझीने पत्रकार माउरो दे माउरोला दिलं होतं. १६ सप्टेंबर १९७०ला पालेर्मोत दे माउरोला पळवून नेलं; त्याचा मृतदेह आजवर सापडलेला नाही. रोझीने हेही चित्रपटात घातलं, आणि दे माउरोची चौकशी करताना पडद्यावर रोझी स्वतःच दिसतो.