‘शाकाहारी’ या एका चौकटीत अडकलेले आठ दिवस

टोकियोहून फुजी पर्वताकडे एका दिवसासाठी जायचे, तर मार्गदर्शक असलेल्या बससहलीने जावे की आपले आपण, हा प्रश्न आमच्या घरात गणपतीपासून चर्चेला होता. खरे तर दोन संध्याकाळी बसून तो सुटला असता. प्रत्यक्षात तो सुटायला ३१ ऑक्टोबरची सकाळ उजाडावी लागली, कारण सहल चालवणाऱ्या कचेरीकडून एका साध्या प्रश्नाचे उत्तर मिळवण्यात माझे आठ दिवस गेले. दुपारच्या जेवणातल्या रश्श्यात मासळीचा अर्क असतो का, एवढाच तो प्रश्न होता.

आम्ही तिघे जाणार होतो: एकोणसत्तर वर्षांची आई, चौऱ्याहत्तर वर्षांचे बाबा आणि मी. आईने आयुष्यात कधी अंडेही खाल्लेले नाही. बाबांच्या उजव्या गुडघ्याची शस्त्रक्रिया झालेली आहे आणि सपाटीवर ते अर्धा-पाऊण तास चालू शकतात, पण जिने त्यांना झेपत नाहीत. टोकियोत आमचा मुक्काम निशी-कासाई भागात, आतेबहिणीकडे होता. त्या भागात भारतीय कुटुंबे इतकी आहेत की डाळ, पोहे, कढीपत्ता यांची चिंता करावी लागत नाही, त्यामुळे जेवणाचा प्रश्न फक्त बाहेर पडल्यावरच उभा राहणार होता.

आतेबहिणीचे मत स्पष्ट होते. टोकियोतल्या शिंजुकूहून फुजीच्या पायथ्याजवळच्या कावागुचिको स्थानकापर्यंत हायवे बस पावणेदोन तासांत जाते, एका बाजूचे तिकीट दोन हजार येनहून थोडे अधिक पडते, आणि फुजी काइयू ही थेट रेल्वेगाडीही सुमारे दोन तासांत पोहोचवते. मग माणशी चौदा हजार येन बससहलीला कशाला द्यायचे, असे तिचे म्हणणे होते. दोघी तरुण मैत्रिणी असत्या तर मी तिचेच ऐकले असते. पण कावागुचिकोला पोहोचल्यावर खरी धावपळ सुरू होते. तळ्याकाठच्या ओइशी उद्यानाकडे जायला स्थानिक बसच्या रांगेत उभे राहायचे, फुजीच्या चढणीवर जिथवर बस जाते त्या पाचव्या टप्प्यासाठी वेगळी बस धरायची, आणि छायाचित्रांतून सर्वांना ठाऊक असलेला चुरेइतो पॅगोडा पाहायचा तर ३९८ पायऱ्या चढायच्या. सहलीची बस मात्र प्रत्येक ठिकाणी अगदी जवळ नेऊन सोडते आणि तिथूनच परत उचलते. बाबांसाठी हाच मुद्दा पैशांपेक्षा मोठा होता.

पत्रकात ठिकाणांची नावे ठळक असतात आणि वेळ बारीक अक्षरांत असतो, किंवा नसतोच. म्हणून मी कोणत्याही सहलीचा विचार करताना प्रत्येक थांब्याची मिनिटे कागदावर लिहून काढते. आमच्या सहलीत २,३०० मीटर उंचीवरच्या पाचव्या टप्प्यावर चाळीस मिनिटे, ओशिनो हाक्काई या आठ झऱ्यांच्या गावात चाळीस, जेवणाला साठ आणि ओइशी उद्यानात चाळीस मिनिटे होती. बाकी सगळा वेळ रस्त्यावर जाणार होता. ज्यांना एकाच जागी तासन्‌तास बसायला आवडते त्यांनी हा हिशेब पाहून नकार द्यावा. बाबांच्या चालण्याच्या मर्यादेशी मात्र ही चाळीस मिनिटे नेमकी जुळत होती, म्हणून दिवाळीआधीच्या रविवारी मी १२ नोव्हेंबर, बुधवारची तीन तिकिटे आरक्षित केली. बुधवार मुद्दाम निवडला होता. शनिवार-रविवारी, आणि विशेषतः पानगळीचे रंग भरात असताना, टोकियोकडे परतणाऱ्या चुओ महामार्गावर कोबोतोके बोगद्याजवळ प्रचंड कोंडी होते. त्यात ३ आणि २३ नोव्हेंबरला जपानात सार्वजनिक सुट्टी असते.

आरक्षणाच्या अर्जात जेवणासाठी एकच चौकट होती आणि तिच्यात ‘शाकाहारी’ हा पर्याय होता. तो निवडून मी निश्चिंत झाले. भाऊबीजेच्या रात्री आवराआवर झाल्यावर कार्यक्रमपत्रक पुन्हा वाचताना जेवणात ‘होउतोउ’ असे लिहिलेले दिसले. हा यामानाशी प्रांताचा प्रसिद्ध पदार्थ. लाल भोपळा आणि इतर भाज्या, गव्हाच्या रुंद, जाड शेवया आणि मिसो, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनचे वाटण, यांचा तो गरम रस्सा असतो. वर्णन वाचून कोणालाही तो आपल्या वरणफळांचा भाऊ वाटेल. पण तो रस्सा बहुधा निबोशीच्या, म्हणजे वाळवलेल्या छोट्या मासळीच्या अर्कावर तयार होतो, हे आतेबहिणीने मागे एकदा सांगितलेले मला आठवले आणि त्या रात्री मी कचेरीला पहिला मेल लिहिला.

इथे जपानी स्वयंपाकातली एक गोष्ट समजून घ्यायला हवी, कारण सगळा गुंता तिच्याभोवतीच आहे. बहुतेक रश्श्यांच्या आणि सॉसांच्या मुळाशी दाशी नावाचा अर्क असतो. तो कोंबू या समुद्री शेवाळाचा किंवा वाळवलेल्या शिताके अळंबीचा असेल तर आपल्याला चालतो. बौद्ध मठांतल्या स्वयंपाकात तोच वापरतात. पण रोजच्या खाण्यात तो बहुधा कात्सुओबुशीचा, म्हणजे धुरी देऊन वाळवलेल्या बोनिटो मासळीच्या किसाचा, किंवा निबोशीचा असतो. ताटात माशाचा तुकडा दिसला नाही की तो पदार्थ भाज्यांचा, अशी तिथे अनेकांची सरळ समजूत असते आणि तिच्यात फसवणुकीचा हेतू नसतो. त्यामुळे ‘शाकाहारी’ या चौकटीवरची खूण मला एक अर्थ सांगत होती आणि कचेरीला दुसरा.

माझा मेल भारतीय वेळेनुसार रात्री अकराला गेला, तेव्हा जपानात पहाटेचे अडीच वाजले होते. तिथे शुक्रवार उजाडला, मग शनिवार-रविवारची सुट्टी आली, आणि उत्तर २७ तारखेला, सोमवारी आले. त्यात आभार होते आणि आपली ‘शाकाहारी’ ही नोंद आमच्याकडे आहे, एवढेच एक वाक्य होते. मी त्याच रात्री पुन्हा लिहिले, या वेळी दाशीचा शब्दशः उल्लेख करून. बुधवारी उत्तर आले की जेवणात मांस आणि मासे नसतात, परंतु जेवण बाहेरचे उपाहारगृह तयार करत असल्यामुळे कोणतीही हमी देता येत नाही. या वाक्याचा पूर्वार्ध आणि उत्तरार्ध एकमेकांना खोडून काढत होते, आणि आईने ते खावे की खाऊ नये, हे त्यातून ठरत नव्हते. मी तिसऱ्यांदा लिहिले: रश्श्यात निबोशी किंवा कात्सुओबुशी आहे का, ‘हो’ किंवा ‘नाही’ एवढेच कळवा. गुरुवारी उत्तरादाखल एक अ‍ॅलर्जीचा अर्ज आला.

तो अर्ज पाहून मला फार राग आला, कारण या प्रश्नापुरता तो निरुपयोगी होता. त्यातली यादी जपानी कायद्याने अनिवार्य केलेल्या घटकांची होती: कोळंबी, खेकडा, गहू, सोबा (कुट्टू), अंडी, दूध, शेंगदाणा आणि अक्रोड. तिच्यात बोनिटो नाही आणि निबोशीची छोटी मासळीही नाही. म्हणजे अर्ज कितीही मनापासून भरला तरी माझा प्रश्न त्यात लिहिण्याची जागाच नव्हती. दुकानातल्या पाकिटांवरच्या अ‍ॅलर्जीच्या तक्त्यावर विसंबणाऱ्यांनीही हे लक्षात ठेवावे. तो तक्ता न पाहता घटकांची पूर्ण यादी पाहावी आणि तिच्यात ‘かつお’ किंवा ‘鰹’ ही अक्षरे शोधावीत. ती मी फोनमध्ये छायाचित्र म्हणून साठवून ठेवली होती आणि पुढे पंधरा दिवस रोज वापरली.

एवढी घाई का होती, तर पैसे परत मिळण्याची मुदत संपत आली होती. जपानच्या प्रमाणित प्रवासकरारानुसार एक दिवसाची सहल रद्द केली, तर दहा दिवस आधीपासून २० टक्क्यांपर्यंत, सात दिवस आधीपासून ३० टक्क्यांपर्यंत, आदल्या दिवशी ४० टक्क्यांपर्यंत, त्या दिवशी निघण्यापूर्वी ५० टक्क्यांपर्यंत आणि न कळवता गैरहजर राहिल्यास पूर्ण रक्कम कापता येते. आमच्या सहलीला हेच दर लागू होते. बारा तारखेपासून मागे मोजले तर कपात २ नोव्हेंबरपासून सुरू होत होती. १ तारीख शनिवार होती, ३ तारखेला सुट्टी होती, म्हणून कामाचा शेवटचा दिवस शुक्रवार, ३१ ऑक्टोबर ठरत होता. या नियमांतली एक बाब मला आजही खटकते. पुरेसे प्रवासी जमले नाहीत तर आयोजकाला एक दिवसाची सहल रद्द करण्यासाठी तीन दिवस आधीपर्यंत वेळ मिळतो, आणि प्रवाशाची कपात मात्र दहाव्या दिवसापासून सुरू होते. फुजी दिसेल की नाही याचा भरवशाचा अंदाजही दोन-तीन दिवस आधीच येतो, म्हणजे निर्णय घेताना प्रवाशाच्या हाती ना हवामान असते, ना सहल निघण्याची खात्री. अशा वेळी निदान जेवणाबद्दलचे उत्तर तरी वेळेत मिळायला हवे होते.

गुरुवारी रात्री मी मेल लिहिणे सोडले आणि आतेबहिणीला फोन केला. ती म्हणाली, “ताई, मेलवर तुला तयार मजकूरच मिळत राहील. सकाळी कचेरी उघडल्या उघडल्या फोन कर, आणि शाकाहारी हा शब्द बोलूच नकोस.” तिने मला दोन वाक्ये पाठ करून घ्यायला लावली. पहिले: दाशी वा नान्‌ देस का, म्हणजे दाशी कशाची आहे? दुसरे: साकाना नो दाशी मो ताबेरारेमासेन, म्हणजे माशाची दाशीही खाता येत नाही. कचेरी साडेनऊला उघडते, तेव्हा आपल्याकडे सकाळचे सहा वाजलेले असतात. शुक्रवारी सहा वाजून दहा मिनिटांनी मी ठाण्याच्या घरातून फोन लावला.

पलीकडच्या तरुण मुलीने दुसरे वाक्य ऐकताच लगेच इंग्रजीत विचारले की तुम्हाला माशाचा अर्कही नको आहे का, आणि थांबायला सांगून तिने उपाहारगृहाला फोन केला. सात-आठ मिनिटांत ती परत आली. अर्क निबोशीचा होता आणि वेगळा करून देता येत नव्हता. आठ दिवसांच्या मेलांनी जे सांगितले नव्हते ते एका फोनने सांगितले. एवढेच नव्हे, तर तिने स्वतःहून सांगितले की हीच सहल जेवणाविना घेण्याचा वेगळा पर्याय आहे आणि तो माणशी दोन हजार येनने स्वस्त आहे. मी हो म्हटले तर ती तिथल्या तिथे आरक्षण बदलून देणार होती. हा पर्याय संकेतस्थळावर स्वतंत्र सहल म्हणून दाखवलेला असल्यामुळे आमच्या सहलीच्या पानावरून तो मला दिसलाच नव्हता. आई मागे उभी राहून सगळे ऐकत होती. तिने हात जोडले, तेव्हा मला मनापासून हायसे वाटले. फोन ठेवण्यापूर्वी मी त्या मुलीचे जपानीत तीनदा आभार मानले.

म्हणून माझे सांगणे असे की जपानात मार्गदर्शकासह सहल घ्यायची असेल तर ‘जेवणाविना’ असा पर्याय आधी शोधावा, आणि तो दिसला नाही तर विचारावा. जैन कुटुंबांनी तर जेवणाच्या चौकटीवर मुळीच अवलंबून राहू नये. मार्गदर्शकाविषयीही एक विचारण्यासारखी गोष्ट आहे: २०१८ पासून परवाना नसलेल्या व्यक्तींनाही मोबदला घेऊन मार्गदर्शन करता येते, मात्र राष्ट्रीय परवानाधारक दुभाषी-मार्गदर्शक ही पदवी फक्त परीक्षा उत्तीर्ण झालेल्यांनाच लावता येते. आमच्या मार्गदर्शक बाईंकडे तो परवाना होता आणि त्यांच्या बोलण्यात तो अभ्यास जाणवला.

सहलीच्या दिवशी आतेबहिणीने पहाटे पाच वाजता दशम्या आणि बटाट्याची कोरडी भाजी करून दिली. शिंजुकूचे स्थानक अवाढव्य आहे आणि योग्य दार सापडायला आम्हाला वीस मिनिटे लागली, त्यामुळे जमण्याच्या वेळेआधी पाऊण तास हाताशी ठेवावा. फुजी सकाळी बसमधूनच स्वच्छ दिसला, माथ्यावर बर्फ होते. २०२४ मध्ये माथ्यावरच्या पहिल्या बर्फाची अधिकृत नोंद थेट ७ नोव्हेंबरला झाली होती, म्हणून त्या पांढऱ्या माथ्याचे आम्हाला विशेष अप्रूप वाटले. पाचव्या टप्प्यावर थंडी बोचरी होती आणि टोकियोच्या हिशेबाने घातलेले कपडे तिथे पुरले नाहीत. बाबा पंधरा मिनिटांत बसमध्ये परतले.

जेवणाच्या तासाला बाकीचे प्रवासी उपाहारगृहात गेले. बाहेरचे पदार्थ आत नेता येत नाहीत, म्हणून मार्गदर्शक बाईंना विचारून आम्ही कावागुची तळ्याच्या काठावरच्या बाकावर बसलो. समोर पाणी, त्यापलीकडे डोंगर, आणि हातात दशमी. आई शांतपणे जेवली. पंधरा दिवसांच्या प्रवासात घराबाहेर ती कोणालाही काही न विचारता जेवली, ती फक्त तेव्हाच. आमच्याजवळ कचऱ्यासाठी वेगळी पिशवी होती, आणि ती असलीच पाहिजे, कारण तिथे रस्त्यावर कचरापेट्या जवळपास नसतातच. दीडच्या सुमारास माथ्यावर ढग आले आणि ओइशी उद्यानात पोहोचेपर्यंत फुजी पूर्ण झाकला गेला, पण तोवर आमचे मन भरले होते.

ठाण्याला परतल्यावर मी त्या कचेरीला सविस्तर मेल लिहिला. फोनवरच्या मुलीचे कौतुक केले, आणि ‘शाकाहारी’ या पर्यायाखाली रश्श्यात माशाचा अर्क असतो ही एक ओळ जोडावी, तसेच जेवणाविना असलेल्या सहलीची नोंद त्याच पानावर द्यावी, अशी विनंती केली. पाचव्या दिवशी उत्तर आले की सूचना संबंधितांकडे पाठवली आहे. परवा मी अर्ज पुन्हा उघडून पाहिला. चौकट अजून तशीच आहे.